फायनल रिटन वॉर्निंग: बारा महिने म्हणजे नक्की कुठून कुठपर्यंत?

पाऊलवाट

नमस्कार मंडळी. इथे बरीच वर्षं वाचतो आहे, धागा पहिल्यांदाच काढतोय. वर्षभर हा विषय बायकोशिवाय कुणाजवळ काढलेला नाही, त्यामुळे थोडं लांबेल.

मी इंग्लंडमध्ये एका कंपनीत आयटी सपोर्टला आहे, स्किल्ड वर्कर व्हिसावर. साडेचार वर्षं झाली. गेल्या वर्षी रात्रपाळीत माझं लॉगिन अडकलं होतं. सहकारी फोनवर म्हणाला, "माझं वापर, काम उरक." मी वापरलं. चूक होती आणि चौकशीत मी ती कबूलही केली. त्याआधी माझ्या नावावर साधी तोंडी समजसुद्धा नव्हती, तरी थेट फायनल रिटन वॉर्निंग, म्हणजे अखेरची लेखी ताकीद, हातात पडली.

सुनावणी २ जूनला झाली आणि निर्णय तिथेच तोंडी सांगितला. पत्र आलं ९ जूनला, त्यावर तारीखही ९ जूनची. पत्रात एवढंच लिहिलंय की ही ताकीद बारा महिने लागू राहील. कधीपासून, ते नाही.

आता यंदा ४ जूनला मी पाळी बदलायच्या वेळी चाळीस मिनिटं उशिरा पोचलो आणि फोनही केला नाही. मॅनेजरचा मेल आला की तुझी फायनल वॉर्निंग अजून लाइव्ह (चालू) आहे, त्यामुळे हे एचआरकडे देतोय. तेव्हापासून झोप नाही. २ जूनपासून मोजलं तर वॉर्निंग संपली, ९ जूनपासून मोजलं तर मी अडकलो. कायद्यात याची काही ठरलेली मुदत आहे का? मुदत संपली की पत्र फाइलमधून काढतात का? आणि नोकरी गेलीच तर व्हिसाचं काय? ज्यांना ठाऊक आहे त्यांनी कृपया लिहा.

शब्दवेल

पाऊलवाट, आधी एक मोठा श्वास घ्या. मी इथे अकरा वर्षं एचआरमध्ये होते. सगळ्यांची उत्तरं देत नाही, मला पक्कं माहीत आहे तेवढंच लिहिते.

कायद्यात मुदत नाही. संसदेच्या कुठल्याही कायद्यात "फायनल वॉर्निंग इतके महिने" असं लिहिलेलं नाही. आहे ती एकासची, म्हणजे मालक-कर्मचारी संबंधांत सल्ला देणाऱ्या सरकारी संस्थेची, आचारसंहिता. तिच्यात असं म्हटलंय की लेखी ताकिदीत काय चुकलं, काय सुधारायचं, पुन्हा घडलं तर काय होईल आणि ही ताकीद किती काळ चालू राहील, हे कर्मचाऱ्याला सांगायला हवं. आकडे येतात एकासच्या मार्गदर्शनात: पहिल्या लेखी ताकिदीला साधारण सहा महिने, अखेरच्या ताकिदीला साधारण बारा. बहुतेक कंपन्यांनी तेच उचललेत, म्हणून लोकांना तो कायदा वाटतो. काही ठिकाणी अठरा किंवा चोवीस महिनेही पाहिलेत मी. एवढी लांब मुदत दिली म्हणून ती आपोआप बेकायदा होत नाही, पण तिचं कारण मालकाला सांगता आलं पाहिजे.

पहिल्याच चुकीला थेट फायनल देता येते का, असं तुमच्या मनात असेल. येते. चूक पुरेशी गंभीर असेल तर मधल्या पायऱ्या गाळता येतात, हेही त्याच संहितेत आहे. दुसऱ्याच्या लॉगिनला बऱ्याच कंपन्या गंभीर मानतात.

एक सांगून ठेवते. एकास इंग्लंड, वेल्स आणि स्कॉटलंडसाठी आहे. उत्तर आयर्लंडची संस्था आणि संहिता वेगळी, तिथल्यांनी हे जसंच्या तसं लावू नये.

मीनल_ल

माझ्या माहितीप्रमाणे मुदत संपली की विषय संपला. बारा महिने आणि एक दिवस झाला की ते पत्र त्यांना कशासाठीच वापरता येत नाही. माझ्या दिराला त्याच्या युनियनने असंच सांगितलं होतं. त्यामुळे तारीख २ जून धरायला लावा आणि निश्चिंत राहा.

निवांत

मीनलताई, असं सांगून कुणाला निश्चिंत करू नका, कळकळीने सांगतो. मी गोदामात चौदा वर्षं युनियनचा प्रतिनिधी आहे. "संपली म्हणजे संपली" या समजुतीवर विसंबून राहिलेल्या माणसांच्या शेजारी बसून मी निकाल ऐकलेत.

दोन निकाल आहेत, दोन्ही समजून घ्यायला हवेत. पहिला स्कॉटलंडमधला, २००६ सालचा डायोसिंथ कंपनीचा. रसायनांच्या कारखान्यातल्या एका कामगाराला सुरक्षेची पद्धत न पाळल्याबद्दल बारा महिन्यांची ताकीद होती. मुदत संपून काही महिने झाल्यावर स्फोट झाला, आणि चौकशीत त्याने पुन्हा तीच पद्धत पाळली नव्हती असं निघालं. मालकाने जुनी ताकीद जमेस धरून त्याला काढलं. कोर्ट म्हणालं, हे अन्याय्य आहे. बारा महिने म्हणून तुम्हीच शब्द दिलात, आणि ती ताकीद नसती तर तुम्ही त्याला काढलंच नसतंत.

दुसरा २००८ चा, एअरबसचा, इंग्लंडच्या कोर्ट ऑफ अपीलचा. कामाच्या वेळात स्वतःची गाडी धूत होता म्हणून एकाला फायनल वॉर्निंग मिळालेली, बारा महिन्यांची. ती संपून तीन आठवडे झाले आणि तो चार सहकाऱ्यांबरोबर कामाच्या वेळात टीव्ही बघताना सापडला. चौघांना फायनल वॉर्निंग मिळाली, याला काढलं. कोर्टाने मालकाची बाजू योग्य ठरवली. कारण ती नवी चूक स्वतःच नोकरी जाण्याइतकी गंभीर मानली गेली होती. बाकीच्या चौघांना दया दाखवली ती त्यांची पाटी कोरी होती म्हणून. याची कोरी नव्हती.

फरक लक्षात घ्या. संपलेल्या ताकिदीचा टेकू लावून लहान चूक मोठी करता येत नाही. पण चूक मुळातच मोठी असेल, तर "माझं रेकॉर्ड स्वच्छ आहे, मला सवलत द्या" असं म्हणण्याचा आपला हक्क ती जुनी ताकीद खाऊन टाकू शकते. पाऊलवाट, चाळीस मिनिटांचा उशीर ही एरवी नोकरी जाण्याची चूक नव्हे. म्हणून तुमच्या बाबतीत सगळं त्या एका तारखेवर येऊन ठेपतं.

मीनल_ल

निवांतदादा, हे मला खरंच माहीत नव्हतं. माझं वरचं वाक्य कुणी सल्ला म्हणून घेऊ नये.

पाऊलवाट

निवांत, शब्दवेल, मनापासून आभार. एअरबसचं वाचून पोटात गोळा आला, पण फरक कळला. मग तारीख कशी ठरवायची? आणि लॉगिन आणि उशीर या दोन अगदी वेगळ्या गोष्टी आहेत, याचा मला काही उपयोग होईल का?

निवांत

दुसऱ्याचं आधी. फार भर ठेवू नका. फायनल वॉर्निंग लाइव्ह असताना कुठल्याही प्रकारची नवी गैरवर्तणूक झाली तरी नोकरी जाऊ शकते, असाच तिचा सर्वसाधारण अर्थ ट्रायब्युनल (नोकरीच्या तंट्यांचं न्यायालय) लावतं. दोन चुका सारख्या आहेत की नाहीत हे बघतात जरूर, तुमच्या बाजूने तो मुद्दा मांडायलाही हवा, पण ती ढाल नाही. "मागचं वेगळं होतं" म्हणत बेफिकीर राहिलेल्या तिघांना मी ओळखतो. त्यातला एक पोरगा तेवीस वर्षांचा होता. मागची ताकीद फोर्कलिफ्ट चालवण्याबद्दल होती आणि गेला तो टाइमशीट चुकीची भरली म्हणून. त्याची आई बाहेर गाडीत बसली होती. आठवलं की अजून वाईट वाटतं.

आता तारीख. पत्र नीट बघा. "या पत्राच्या तारखेपासून", "आजपासून", "सुनावणीच्या तारखेपासून" असं काही कुठल्याही पानावर आहे का? नसेल तर कंपनीची डिसिप्लिनरी पॉलिसी काढा, तिच्यात बहुतेक वेळा असतं. दोन्हीकडे नसेल तर शब्द संदिग्ध आहेत, आणि ते मालकाने लिहिलेत. ताकिदीच्या मुदतीत संदिग्धता असेल तर तिचा अर्थ कर्मचाऱ्याच्या बाजूने लावावा, हे १९९५ सालापासून अपील ट्रायब्युनलच्या निकालात आहे. शिवाय सुनावणीचं टिपण मागा. निर्णय २ जूनला जाहीर झाला असं तिथे नोंदलेलं असेल तर तुमची बाजू भक्कम होते.

एचआरला फोन करू नका, मेल करा. साधी तीन वाक्यं: माझ्या ताकिदीची मुदत कोणत्या तारखेला सुरू झाली आणि कोणत्या तारखेला संपली, ती तारीख कोणत्या कागदावरून ठरवली, आणि २ जूनच्या सुनावणीचं टिपण मला पाठवा. त्या मेलमध्ये माफी नको, कैफियत नको. उशिराबद्दल काय ते वेगळं बोला.

शब्दवेल

निवांत यांनी लिहिलंय त्याला माझा पूर्ण दुजोरा. एचआरच्या बाजूने बसलेली होते म्हणून आणखी एक सांगते. आम्ही पत्रं घाईत लिहायचो. जुन्या पत्रात नाव आणि तारीख बदलायची आणि पाठवायचं. सुरुवातीची तारीख राहून जाणं फार सर्रास होतं. त्या वेळी कधी वाटलं नाही की समोरच्या माणसाची एका ओळीमुळे झोप उडेल. आता वाटतं.

फाइलमधून काढण्याबद्दल: पॉलिसीतली दोन वाक्यं दिसायला सारखी असतात, पण त्यांचा अर्थ एक नाही. "मुदतीनंतर ताकीद कारवाईसाठी विचारात घेतली जाणार नाही" म्हणजे कागद फाइलमध्ये राहतो, फक्त निजतो. "मुदतीनंतर फाइलमधून काढून टाकली जाईल" म्हणजे खरोखर काढायला हवा. तुमच्याकडे कुठलं वाक्य आहे ते बघा. माहिती संरक्षणाच्या कायद्याने कुणाचीही माहिती गरजेपेक्षा जास्त काळ ठेवता येत नाही, पण "गरज" दाखवायला मालकाकडे कारणं असतात. तुमच्याबद्दल काय काय ठेवलंय ते हवं असेल तर सब्जेक्ट ॲक्सेस रिक्वेस्ट करा. फी लागत नाही, साधारण एका महिन्यात उत्तर द्यावं लागतं, गुंतागुंतीचं असेल तर त्यांना आणखी दोन महिने घेता येतात.

अबोली

व्हिसाबद्दल मी लिहिते, कारण यातून मी गेले आहे.

नुसत्या वॉर्निंगबद्दल कंपनीला होम ऑफिसला (व्हिसा बघणाऱ्या सरकारी खात्याला) काही कळवावं लागत नाही. कळवावं लागतं ते नोकरी संपली तर, आणि तेही दहा कामाच्या दिवसांत. त्यानंतर होम ऑफिसचं पत्र येतं आणि व्हिसाची मुदत सहसा साठ दिवसांवर आणली जाते, व्हिसाच त्याआधी संपत नसेल तर. त्या साठ दिवसांत नवा स्पॉन्सर, म्हणजे व्हिसासाठी नोकरी देणारा मालक, शोधून अर्ज करायचा, दुसऱ्या व्हिसाचा मार्ग असेल तर तो धरायचा, नाहीतर निघायचं.

मी त्या काळात दोन गोष्टी केल्या, त्यांचा उपयोग झाला. सुनावणीची तारीख आली त्याच दिवशी सीव्ही नीट केला आणि ओळखीच्या दोघांना फोन केले. निकालाची वाट बघत बसले नाही. आणि घरी खरं सांगितलं. मुलीच्या शाळेचं, घरभाड्याच्या कराराचं, सगळ्याचं काय होईल ते कागदावर मांडलं. भीती तेवढीच होती, पण एकटीने वाहायची उरली नाही.

पाऊलवाट, तुम्ही बायकोशी बोलताय हे वाचून बरं वाटलं.

उत्तरवारा

थोडा वेगळा प्रश्न, पण याच धाग्यात बसेल. आमच्या साफसफाईच्या विभागाचं कंत्राट दुसऱ्या कंपनीकडे जातंय आणि आम्ही सगळे ट्युपीखाली, म्हणजे मालक बदलला तरी नोकरी चालू ठेवणाऱ्या नियमाखाली, तिकडे जाणार. माझी फायनल वॉर्निंग अजून सात महिने आहे. नवीन मालकाकडे पाटी कोरी होते का?

निवांत

नाही होत. नोकरी सलग धरली जाते, तशी ताकीदही तुमच्याबरोबर जाते. जुन्या मालकाला तुमच्यावरच्या मागच्या दोन वर्षांतल्या शिस्तभंगाच्या कारवाईची माहिती नव्या मालकाला द्यावीच लागते. पण जी मुदत ठरली तीच राहते, नवा मालक ती मनाने वाढवू शकत नाही. मूळ पत्राची प्रत आजच घरी आणून ठेवा. कंत्राट बदलताना कागद हरवतात आणि मग कुणीतरी आठवणीतून तारीख सांगतं.

रानवाट

आणि नवीन नोकरीसाठी अर्ज करताना? फॉर्मवर "तुमच्यावर कधी शिस्तभंगाची कारवाई झाली आहे का" असा रकाना असतो तिथे संपलेली वॉर्निंग लिहायची का?

शब्दवेल

प्रश्नातला शब्द न् शब्द वाचा. "सध्या लागू असलेली" असं विचारलं असेल आणि तुमची संपली असेल, तर "नाही" हे खरं उत्तर आहे. "कधीही" किंवा "गेल्या पाच वर्षांत" असं विचारलं असेल तर खरं तेच लिहा आणि दोन ओळींत काय शिकलात ते लिहा. खोटं लिहून मिळालेली नोकरी पुढे त्याच कारणाने जाऊ शकते. न विचारलेलं आपणहून सांगायची गरज सर्वसाधारणपणे नसते.

रेफरन्सचं, म्हणजे जुन्या मालकाच्या अभिप्रायाचं, म्हणाल तर बहुतेक मालकांवर तो देण्याची सक्तीच नाही, आणि देणारे बरेच जण फक्त हुद्दा आणि तारखा देतात. दिला तर खरा, अचूक आणि दिशाभूल न करणारा असावा लागतो. बँका, विमा वगैरे वित्त क्षेत्रातल्या ठरावीक पदांसाठी मात्र नियामक रेफरन्स असतो, तो मागच्या सहा वर्षांचा. तिथे बारा महिन्यांत संपलेली गोष्टही वर येऊ शकते.

अबोली

एक राहिलं. ज्यांना आजारपणातल्या गैरहजेरीबद्दल वॉर्निंग मिळाली आहे त्यांनी ही चर्चा वाचून "तारीख संपेपर्यंत सहन करू" असं ठरवू नये. दीर्घ आजार समानता कायद्यात अपंगत्व म्हणून बसत असेल, तर ती गैरहजेरी मोजताना काही सूट द्यायला हवी होती का, हा प्रश्नच वेगळा आहे. गरोदरपणाशी संबंधित आजारपण तर मोजायचंच नसतं. माझी पहिली वॉर्निंग अशीच होती. मी गप्प बसले, कारण वाटलं सहा महिने तर आहेत. त्याच वॉर्निंगवर पुढची चढली.

निवांत

अबोलीताईंनी जे लिहिलं ते मला सगळ्यांच्या मनावर ठसवायचं आहे. ताकीद किती दिवस टिकते हा प्रश्न लोक माझ्याकडे मुदत संपत आली की आणतात. खरा तो पहिल्या आठवड्यातला प्रश्न आहे.

कारण असं. पुढे नोकरी गेली आणि तुम्ही ट्रायब्युनलमध्ये गेलात, तर तिथे जुन्या ताकिदीचा खटला नव्याने चालत नाही. २०१३ मध्ये सँडवेल कौन्सिलच्या खटल्यात कोर्ट ऑफ अपीलने हे पुन्हा स्पष्ट केलं. ते एवढंच बघतात की ताकीद प्रामाणिक हेतूने दिली होती का, तिला सकृतदर्शनी काही आधार होता का, आणि ती देणं उघड उघड अयोग्य तर नव्हतं. "मला बारा महिन्यांऐवजी सहा मिळायला हवे होते" हे तिथे कुणी ऐकून घेत नाही. ते सांगायची जागा म्हणजे कंपनीतलं अपील, आणि त्याला दिवस थोडे असतात. अपिलात ताकिदीची पायरी खाली आणा, मुदत कमी करा, सुरुवातीची तारीख लिहून द्या, असं सगळं मागता येतं. अपील फेटाळलं गेलं तरी तुम्ही ती मुकाट्याने स्वीकारली नाहीत याची नोंद राहते.

सुनावणीला एकटं जाऊ नका. युनियनचा प्रतिनिधी किंवा सहकारी बरोबर नेण्याचा हक्क १९९९ च्या कायद्याने आहे. तुमच्या माणसाला त्या दिवशी जमत नसेल तर पाच कामाच्या दिवसांच्या आतली दुसरी सोयीची वेळ सुचवा, त्यांना तारीख पुढे ढकलावी लागते. इतकी वर्षं मी बघतोय, एकटा गेलेला माणूस घाबरून नको तेवढं कबूल करून येतो.

पाऊलवाट

मी एकटा गेलो होतो.

पाऊलवाट

(तीन आठवड्यांनी) काय झालं ते सांगायला आलोय. निवांत यांनी सांगितली तशी तीन वाक्यं लिहून मेल केला. पाच दिवस उत्तर नाही. मग सुनावणीचं टिपण आलं. शेवटच्या पानावर "निर्णय जाहीर: बारा महिन्यांची अखेरची लेखी ताकीद, तत्काळ लागू" असं होतं, तारीख २ जून. खाली माझी सही. मीच सही केलेला कागद मी वर्षभर विसरलो होतो.

एचआरने लिहिलं की मुदत २ जूनपासूनच धरली जाईल, म्हणजे यंदा ४ जूनला ताकीद चालू नव्हती. उशिरासाठी मॅनेजरने समोर बसवून बोलणी केली, तेवढीच नोंद. त्याचं म्हणणं बरोबर होतं. रात्रपाळीचा माणूस माझ्यामुळे चाळीस मिनिटं जास्त थांबला, मी त्याची जाऊन माफी मागितली.

पॉलिसी तपासली. आमच्याकडे "विचारात घेतली जाणार नाही" हेच वाक्य आहे. म्हणजे पत्र फाइलमध्ये राहणार. हे पचायला वेळ लागतोय. पण काल रात्री बऱ्याच महिन्यांनी सलग सहा तास झोपलो. तुम्हा सगळ्यांचे आभार कसे मानू कळत नाही.

अबोली

किती बरं वाटलं वाचून! वहिनींना सांगा, इथल्या सगळ्यांचा जीव भांड्यात पडला.

कोवळंऊन

हा धागा आज सापडला. मला परवा फायनल वॉर्निंग मिळाली, अठरा महिन्यांची. केअर होममध्ये आहे, औषधाची नोंद करायची राहिली होती. वाचून कळतंय की संपेपर्यंत सांभाळून राहायचं. आणखी काही करायला हवं का?

पाऊलवाट

ताई, आधी पत्राचं शेवटचं पान बघा. अपील किती दिवसांत करायचं ते तिथे लिहिलेलं असेल. माझ्या पत्रात पाच कामाचे दिवस होते आणि मी ते घाबरून तसेच जाऊ दिले. परवा मिळाली म्हणजे तुमच्याकडे अजून वेळ आहे. अठरा महिने का, आणि कोणत्या तारखेपासून, या दोन प्रश्नांनी सुरुवात करा. मसुदा लिहून इथे टाका, नाव-गाव काढून. मी आज रात्री जागाच आहे.